शर्टावरचं नाव

गॉस्पोर्ट, ११ मार्च २००७

प्रिय मोरवेना,

फोनच केला असता, पण जहाजावरच्या त्या स्फोटानंतर माझे कान फक्त बायको ओरडली तरच चालतात, आणि तेही अर्धेच. म्हणून पत्र.

बातमी मोठी आहे, बसून वाच. फॉकलंडच्या लढाईला यंदा पंचवीस वर्षं होतायत, म्हणून टीव्हीवाले माहितीपट करतायत. सरकारी चित्रण लोकांनी हजारदा पाहून झालंय. यांना हवंय ते खलाशांनी स्वतःच्या हौसेने काढलेलं. आमच्या माजी खलाशांच्या संघटनेच्या बैठकीला त्यांची एक मुलगी आली होती. मी माळ्यावरून बिस्किटांचा जुना डबा उतरवला आणि तिच्यापुढे ठेवला. सात रिळं! प्रत्येक तीन-तीन मिनिटांचं, मुकं. विषुववृत्त ओलांडताना खलाशी करतात ते वरुणराजाचं सोंग, दाढीला पीठ लावलेला आमचा आचारी, बर्फाळ डेकवरची घसरगुंडी, सगळं आहे. मुलीच्या डोळ्यांत पाणी आलं. म्हणाली, "मिस्टर स्केलहॉर्न, हे तुम्ही काढलंत?"

मी म्हटलं, हो, दुसरं कोण काढणार?

२० मेच्या रविवारी संध्याकाळी दाखवणार आहेत. तुझ्या आईंना सांग. दरवर्षी मे महिन्यात त्यांच्या हातची पॅस्टी, ती मांस-बटाट्याची करंजी, खायला येतो, यंदाही येईन, पण कार्यक्रमानंतर. तेवढं समजून घ्या म्हणावं.

तुझा,
आयव्हर


न्यूलिन, २० मार्च

प्रिय आयव्हर,

तुझं पत्र आईला वाचून दाखवलं आणि चूक केली. दुपारपर्यंत मासळी बाजारात, टपाल कचेरीत आणि चॅपलमध्ये बातमी पोचली होती. आता चॅपलच्या सभागृहात मोठा पडदा लावायचा घाट घातलाय. केशराचे बन किती लागतील यावरून दोन बायकांचं भांडणही झालं. आमच्या गावातून त्या लढाईत गेलेला आणि परत न आलेला एकटा माझा भाऊ डेन्झिल, त्यामुळे हा कार्यक्रम म्हणजे गावाला आपल्या घरचाच वाटतोय.

पण काय रे, तू कधीपासून कॅमेरेवाला झालास? मला वाटायचं जहाजावर कॅमेरा होता तो आमच्या डेन्झिलचा. दोन हंगाम बोटीवर राबून घेतला होता त्याने. आणि काढायचा काय, तर स्वतःचं बोट! त्याच्या प्रत्येक रिळात उजव्या कोपऱ्यात वर ते गुलाबी बोट आहेच. आई ओरडायची, "मेल्या, बोट काढ आधी!" तो म्हणायचा, "ही माझी सही आहे." असो, तुझी रिळं नक्कीच सरस असतील.

त्यात डेन्झिल दिसतो का? खरं सांग. आई रोज रात्री जेवताना विचारते. फोटो आहेत आमच्याकडे, पण हलता-चालता तो एकाही रिळात नाही, कारण कॅमेरा कायम त्याच्याच हातात. पंचवीस वर्षांत तिने त्याला मान वळवताना पाहिलेलं नाही.

तुझी,
मोरवेना


गॉस्पोर्ट, १४ एप्रिल

प्रिय मोरवेना,

उत्तराला उशीर झाला. कॅमेऱ्याचं म्हणशील तर तसं काही नव्हतं गं, मेसमध्ये एकच कॅमेरा असायचा, कधी याच्या हातात, कधी त्याच्या. इतक्या वर्षांनी कोण लक्षात ठेवतो?

डेन्झिल आहे दोन-तीन ठिकाणी, ओझरता. फार आशा लावू देऊ नकोस आईंना. आणि एक कर. साधारण अर्ध्या तासानंतर विमानांच्या हल्ल्याचा भाग येईल. तो जरा जड आहे. तेवढ्यात आईंना चहा करायला म्हणून उठव. खरं तर त्यांनी पाहूच नये. वय झालंय त्यांचं.

तुझा,
आयव्हर


न्यूलिन, २४ मे

प्रिय आयव्हर,

चार दिवस झाले, आज लिहायला बसलेय.

सभागृहात दीडशे माणसं होती. आई पहिल्या रांगेत, निळा कोट घालून. तू सांगितल्याप्रमाणे मी तिला चहासाठी उठवायला गेले, तर म्हणाली, "अगं, आत्ता येईल तो, बस खाली." आणि आला.

तुला मी काय सांगणार, चित्रण तुझंच आहे. जहाजातला तो अरुंद बोळ. भिंतीला पाठ लावून, गुडघ्यांत डोकं घालून बसलेला माणूस. आगीपासून बचावासाठी घालतात ती डोळे सोडून सगळं झाकणारी पांढरी टोपी, पांढरे हातमोजे. तो हुंदके देतोय हे खांद्यांवरून कळतं. मग कॅमेरा जवळ जातो, तो मान वर करतो आणि छातीवर, खिशाच्या वर, ठळक अक्षरांत छापलेलं दिसतं: ट्रेगियर. तिथे त्यांनी चित्र थांबवलं. खाली पट्टी आली, "डेन्झिल ट्रेगियर, वय बावीस. तासाभराने मृत्यू." आणि तो भरदार आवाज म्हणाला की काहींचं धैर्य शत्रू पोचण्याआधीच खचलं होतं.

तुझी रिळं मुकी ना? यांनी त्यावर रडण्याचा आवाज चढवलाय. कुणा परक्या माणसाचं रडणं माझ्या भावाच्या तोंडी घातलंय!

बाहेर पडताना जेगो पेन्रोज, आमच्या जीवरक्षक बोटीचा म्हातारा तांडेल, आम्ही ऐकतोय हे ठाऊक असून म्हणाला, "पोराला युद्धावर कशाला धाडलं? गाण्याच्या वर्गाला धाडायचं होतं." पंचवीस वर्षं याच माणसाने दर नोव्हेंबरला, शहिदांच्या स्मृतिदिनी, डेन्झिलच्या नावापुढे टोपी काढलीय. आता वाटेत दिसला की समोरच्या बाजूने जातो.

गावाचं मला काही वाटत नाही. पण आईचं काय करू? तिला लाज वाटत नाही रे, लाज वाटली असती तर बरं. ती रात्री उठून बसते आणि म्हणते, "तो मला हाक मारत असेल, नाही?" तू दरवर्षी तिला काय सांगत आलास? डेन्झिल शेवटपर्यंत थट्टा करत होता, काहीतरी विनोद करून तो आग विझवायला पुढे गेला, हेच ना? ती मला म्हणाली, "आयव्हर चांगला आहे, माझ्यासाठी खोटं बोलत होता इतकी वर्षं."

तू त्या लोकांना हे का दाखवू दिलंस? आणि आईने एकच विचारायला सांगितलंय. तो असा रडत असताना त्याच्याजवळ कुणी गेलं का?

मोरवेना


गॉस्पोर्ट, ३१ मे

प्रिय मोरवेना,

मला त्या लोकांचा इतका संताप आलाय की काय सांगू! डबा नेला, सगळं उतरवून घेतलं, आणि काय वापरणार हे मला एका शब्दाने विचारलं नाही. फसवलं मला. गोड बोलून केसाने गळा कापला.

आईंना सांग की त्या दिवशी आम्ही सगळेच रडलो. त्यात कमीपणा नाही. आणि हेही सांग की तो एकटा नव्हता. मी कॅमेरा खाली ठेवला आणि त्याच्याजवळ गेलो. त्याच्या खांद्यावर हात टाकून बसलो. तो शांत झाला, मग उठला, आणि मग ती थट्टा करून पुढे गेला. म्हणजे मी सांगत होतो ते काही अगदीच खोटं नव्हतं.

आता हे जितकं उकरू तितका आईंनाच त्रास. लोक विसरतात गं. उन्हाळ्याचे दोन महिने जातील आणि कुणाच्या लक्षातही राहणार नाही.

तुझा,
आयव्हर


न्यूलिन, १९ जून

श्री. आयव्हर स्केलहॉर्न यांस,

तुमचं पत्र आईला वाचून दाखवलं. ती रडली, आणि म्हणाली, "देव त्याचं भलं करो, माझ्या पोराला त्याने जवळ घेतलं." मग तिने तुमच्यासाठी हातमोजे विणायला घेतले. ते वाक्य जरा दोनदा वाचा, आणि मग पुढचं.

कार्यक्रम मी घरी टेप करून ठेवला होता. पाहायचा धीर नव्हता. गेल्या मंगळवारी आई झोपल्यावर लावला आणि तुमच्या सगळ्या चित्रणात एक गोष्ट दिसली. वरुणराजाच्या सोंगात, उजव्या कोपऱ्यात वर, गुलाबी डाग. बर्फाच्या डेकवर, तिथेच. त्या बोळातही तिथेच, फक्त तिथे तो पांढरा आहे, कारण बोटात हातमोजा होता. मग मी आमची जुनी रिळं काढली. चॅपलची सहल, माझा वाढदिवस. तोच कोपरा, तोच डाग.

ती रिळं तुम्ही काढलेली नाहीत. डेन्झिलने काढली आहेत. आणि डेन्झिल जर कॅमेऱ्यामागे उभा होता, तर भिंतीशी बसलेला माणूस डेन्झिल असू शकत नाही.

मग मी त्याच्या बाह्या पाहिल्या. शर्टाची बाही मनगटाच्या वर चार बोटं संपते. आमचा डेन्झिल ठेंगणा, त्याच्या बाह्या आई मुडपून शिवायची. तुम्ही मात्र आमच्या दारातून वाकून आत येता.

तरीही मला वाटलं, टीव्हीवाल्यांनी शर्टावरचं नाव वाचलं आणि ते फसले, तुमचा काय दोष? म्हणून मी त्या मुलीला फोन केला. ती सभ्यपणे म्हणाली, "बाई, आम्ही नुसत्या शर्टावर विसंबलो नाही. मिस्टर स्केलहॉर्नना विचारलं होतं. त्यांनी लेखी कळवलंय की हा डेन्झिल ट्रेगियरच." तारीखही सांगितली. ९ एप्रिल. म्हणजे आईला चहाला उठव असं तुम्ही मला लिहिलंत, त्याच्या पाच दिवस आधी.

पंचवीस वर्षं तुम्ही आमच्या टेबलाशी डेन्झिलच्या खुर्चीत बसून जेवलात. आई तुम्हाला "माझ्या राजा" म्हणते. खाल्ल्या घरचे वासे मोजणारे पुष्कळ पाहिले, पण वासे काढून नेणारा पहिलाच.

आईला मी अजून काही सांगितलेलं नाही. आधी तुमच्याकडून ऐकायचं आहे.

मोरवेना हॉस्किंग


गॉस्पोर्ट, २ जुलै

मोरवेना,

बोळातला तो माणूस मी आहे.

पाणी वाचवायचं म्हणून जहाजावरची धुलाई आठवडाभर बंद होती. माझ्याकडे कोरडा शर्ट उरला नव्हता. डेन्झिलकडे एक होता. त्याने तो माझ्या अंगावर फेकला आणि म्हणाला, "घे, आजच्या दिवस तू ट्रेगियर. बिल आलं तर तूच भर." आम्ही सगळेच एकमेकांचे कपडे घालायचो. छातीवरच्या नावाकडे जहाजावर कुणी बघत नसे, आम्हाला चाली ओळखू यायच्या.

पहिला बॉम्ब मागच्या भागावर पडला. माझे पाय गेले. म्हणजे शाबूत होते, पण उठेनात. डेन्झिल कॅमेरा घेऊन जिन्यातून खाली आला. त्याला वाटलं मी दमून बसलोय, चिडवायला म्हणून त्याने चालू केला. जवळ आल्यावर त्याला कळलं. त्याने कॅमेरा तसाच चालू खाली ठेवला, टोपी मानेवर ओढली आणि माझ्याशेजारी बसला. मी तुला लिहिलं ना खांद्यावर हात टाकल्याचं? ते खरं आहे. फक्त हात त्याचा होता.

मग पुढच्या भागात आग लागल्याचं ओरडत कुणी गेलं. आम्ही दोघं आग विझवणाऱ्या तुकडीतले. तो म्हणाला, "तू बस, रडणाऱ्याने पाणी वाया घालवू नये, मी आलोच." कॅमेरा माझ्या हातात दिला आणि गेला. आईंना मी दरवर्षी सांगतो ती थट्टा हीच. एवढंच सांगत नाही की ती माझ्यावर होती, आणि मी बसून राहिलो. दुसरा बॉम्ब पुढे पडला.

कॅमेरा तुम्हाला परत द्यायला हवा होता. पण रिळं धुऊन आल्यावर पाहिली, आणि मग कशी देणार? पुढे कुणी विचारलं की मीच काढली म्हणायची सवय लागली. ९ एप्रिलला त्या मुलीने विचारलं, हे ट्रेगियर का? नाही म्हटलं असतं तर पुढचा प्रश्न होता, मग कोण? आणि चित्रण काढणारा मी, तर बसलेलाही मीच कसा? एक "हो" लिहिलं की सगळं जुळत होतं. मेलेल्या माणसाला काय फरक पडतो, असंही मनात आलं. तुला खोटं वाटेल, पण ते लिहिल्यावर मला बरं वाटलं होतं, आणि त्याचीच आता सगळ्यात जास्त लाज वाटते.

डबा वेगळ्या पार्सलने पाठवतोय. सातव्या क्रमांकाचं रीळ शेवटपर्यंत पाहा. टीव्हीवाल्यांनी कापलेला भाग त्यात आहे.

आईंना सांग. पण मोरवेना, एवढीच विनंती, बाहेर नको. मी संघटनेचा चिटणीस आहे. नोव्हेंबरात फुलांचं चक्र मी वाहतो. बायकोला, मुलींना यातलं काही माहीत नाही.

आयव्हर


न्यूलिन, ३० जुलै

श्री. स्केलहॉर्न यांस,

डबा मिळाला. जुनं यंत्र दुरुस्त करायला दोन आठवडे गेले. काल दुपारी स्वयंपाकघरात पडदे ओढून, भिंतीवर चादर लावून सातवं रीळ लावलं. आईला आधी सगळं सांगितलं होतं.

कॅमेरा खाली टेकतो, सगळं आडवं होतं. मग दोन बूट येतात. मग तो बसतो, टोपी मानेवर ओढतो आणि मान वळवून कॅमेऱ्याकडे पाहून जीभ काढतो. अकरा सेकंद. केस घामाने चिकटलेत. मग तुम्हाला हाताने कवटाळतो.

आईने ते नऊ वेळा पाहायला लावलं. मग म्हणाली, "बाजूचा पोरगा किती घाबरलाय बघ. एकवीस वर्षांचं लेकरू ते." थोड्या वेळाने म्हणाली, "तेव्हाच येऊन सांगितलं असतं तर मी त्याला काही बोलले नसते."

मी बोलले असते, आणि आताही बोलतेच आहे. तुम्ही घाबरलात, याचा मला राग नाही. कुणीही घाबरेल. पण जो माणूस तुमच्याजवळ बसला, त्याच्याच डोक्यावर तुम्ही तुमची भीती ठेवलीत, आणि मग त्याने तुम्हाला दिलेला धीरही स्वतःच्या नावावर केलात. एवढं सगळं लुटून वर मला सांगता, बाहेर नको.

टीव्हीवाले म्हणतात, कार्यक्रम परदेशात विकला गेलाय, पट्टी बदलता येणार नाही. तर मग गावाला आम्हीच दाखवणार. रविवारी, २ सप्टेंबरला, दुपारच्या प्रार्थनेनंतर, त्याच सभागृहात, पूर्ण रीळ. आईची अट आहे की मी तुमचं नाव घ्यायचं नाही. तुम्ही यावं आणि स्वतः उभं राहून सांगावं. एक वाक्य पुरे. ती म्हणते, "तो येईल. जेवायला ठेवते."

मोरवेना हॉस्किंग


गॉस्पोर्ट, ४ सप्टेंबर

मोरवेना,

मी पेन्झान्सपर्यंत आलो होतो. फलाटावरून खाडीपलीकडे तुमचं गाव दिसत होतं. दीड मैल. टॅक्सीवाल्याने दोनदा विचारलं, कुठे जायचंय? मला ऐकू आलं होतं. मी ऐकू न आल्यासारखं केलं.

परतीच्या गाडीत बसलो.

आईंना सांग, तब्येत बरी नव्हती.

आयव्हर


न्यूलिन, १२ सप्टेंबर

श्री. स्केलहॉर्न यांस,

तब्येतीचं काही मी तिला सांगितलेलं नाही. तुमच्यासाठी माझ्या तोंडून आता खोटं निघणार नाही. काय झालं ते मात्र तुम्हाला कळलं पाहिजे.

अडीच वाजता सभागृह भरलं. तीन वाजेपर्यंत आई दाराकडे बघत होती. मग म्हणाली, "लाव." मी रीळ लावलं. डेन्झिलने मान वळवली तेव्हा मागून कुणा बाईचा आवाज आला, "अगं बाई, डेन्झिलच की हा!" सगळ्यांनी ओळखलं. ज्यांना त्याचा कंटाळा यायचा त्यांनीसुद्धा. काही लोक रडले, जेगो पेन्रोज त्यातला एक.

दिवे लागल्यावर जेगोच उठला. टोपी हातात. आईच्या समोर येऊन म्हणाला, "डॉर्कस, माझी जीभ झडो. मला माफ कर." आई म्हणाली, "बस रे." तो बसला नाही. साध्या मनाने, त्याच्यात काही कपट नव्हतं, त्याने विचारलं, "पण मग हा दुसरा कोण? आपल्या पोराचा शर्ट घालून बसलेला?"

दीडशे माणसं वाट पाहत होती. मी तोंड उघडलं. आईने माझा हात इतक्या जोराने दाबला की अंगठी रुतली. मग ती काठी टेकून उभी राहिली आणि म्हणाली, "मला नाही ठाऊक. त्याने कधी सांगितलं नाही."

घरी येताना मी तिला म्हटलं, "आई, का?" ती म्हणाली, "त्याची आई तो सहा वर्षांचा असताना गेली. असती तर तिनेही हेच सांगितलं असतं."

माझी आई डॉर्कस ट्रेगियर एक्याऐंशी वर्षांची आहे. तिने आजवर दुधाच्या मापातही खोटेपणा केलेला नाही. ती त्या चॅपलमध्ये जन्मल्यापासून जाते, तिथेच तिचं लग्न झालं, डेन्झिलचं नाव तिथल्याच भिंतीवर आहे. त्या भिंतीखाली उभं राहून ती तुमच्यासाठी खोटं बोलली.

परवाच्या रविवारी प्रार्थनेला ती तिच्या नेहमीच्या बाकाकडे गेली नाही. मागे, दाराशी, परगावचे लोक बसतात तिथे जाऊन बसली. जेगोने पुढे यायची खूण केली, तर मान हलवली. मी विचारलं, तर म्हणाली, "इथे जरा वारा लागतो." मी शेजारी बसले. भजन सुरू झालं, सगळे उभे राहिले, आणि आयुष्यात पहिल्यांदा माझी आई भजन म्हणत नव्हती.

हे तुम्ही वाचावं म्हणून लिहिलं. उत्तर पाठवू नका.

मोरवेना हॉस्किंग